शिक्षा चेहऱ्याला

जंगलात, भर दिवसा, एक धिप्पाड माणूस एका लहान मुलीला हातात घालायच्या बाहुलीचा खेळ दाखवतो आहे. अंगात काळा कोट, डोक्यावर काळी हॅट. याच माणसाने आधी अशाच एका मुलीचा जीव घेतला आहे, हे प्रेक्षकाला तोवर कळलेलं असतं. पण तो मोठा, गोल चेहरा त्या क्षणी मनापासून खूश आहे. अंगावर काटा येतो तो त्या खुशीमुळे. १९५८ सालचा 'एस गेशाह आम हेलिश्टेन टाग', म्हणजे 'भर दिवसा घडलं', हा स्विस निर्मात्यांचा जर्मन चित्रपट. पटकथेत स्विस लेखक फ्रीडरिश ड्यूरेनमाटचा हात, पोलिस अधिकारी हाइन्झ र्‍यूमान आणि खुनी श्रॉटच्या भूमिकेत गर्ट फ्रोबे. मेलेल्या मुलीने शाळेत काढलेलं एक चित्र मागे राहिलेलं असतं. त्यात एक काळा राक्षस मुलीला साळिंदरासारखे छोटे काटेरी प्राणी देतो आहे. ते काटेरी प्राणी म्हणजे चॉकलेटचे गोळे, हे त्या अधिकाऱ्याला उशिरा उमगतं.

मी हा चित्रपट दोनदा पाहिला. पहिल्यांदा फ्रोबेबद्दल काहीच ठाऊक नव्हतं. 'गोल्डफिंगर' या बाँडपटातला तो जाडा खलनायक, एवढीच ओळख. दुसऱ्यांदा पाहिला तेव्हा तो १९२९ ते १९३७ नाझी पक्षाचा सदस्य होता, हे वाचून झालं होतं. आणि त्या खेपेला मी गोष्ट बघतच नव्हतो. त्या चेहऱ्यात कुठे 'ते' दिसतंय का, हे शोधत बसलो होतो. माझी ही खोड मलाच खटकली. ती माझ्या एकट्याची नाही. एका देशाच्या सरकारने आणि दुसऱ्या देशाच्या मोठ्या दूरचित्रवाणी संस्थेने तिचं धोरण करून टाकलं होतं.

मराठीत आपण 'चरित्र अभिनेता' म्हणतो. चरित्र म्हणजे पात्र, चरित्र म्हणजे जीवनकहाणी, आणि चरित्र म्हणजे वागणूकसुद्धा. नायकाच्या बाबतीत हे अर्थ वेगळे ठेवायची सवय आपल्याला असते. चरित्र अभिनेत्याच्या बाबतीत ते एकमेकांत सांडतात, कारण त्याला विकायला चेहऱ्याशिवाय काही नसतं. युद्धानंतरच्या जर्मन पडद्यावर हे फार झालं. कोणीतरी खुनी हवा, कोणीतरी जनरल हवा, कोणीतरी घाबरलेला शेजारी हवा. त्या सगळ्यांचे चेहरे मोजक्या पाच-पंचवीस नटांचे होते, आणि युद्ध संपलं तेव्हा ते नट काही पाळण्यात नव्हते. नाझी राजवटीची बारा वर्षं तेही कुठेतरी होतेच.

फ्रोबे कुठे होता ते बघू. जन्म १९१३, झ्विकाऊजवळच्या ओबरप्लानिट्झचा. लाल केसांचा, व्हायोलिन वाजवणारा पोरगा. ड्रेस्डेनच्या नाट्यगृहात नेपथ्याचे पडदे रंगवायचं शिकायला गेला आणि तिथे एरिश पोंटो या मोठ्या नटाची नजर त्याच्यावर गेली. पक्षात गेला तेव्हा वय वर्षं सोळा. हिटलर सत्तेवर यायला अजून चार वर्षं होती, म्हणजे पोटासाठी किंवा भीतीपोटी गेला, हा बचाव त्याला मिळत नाही. बाहेर पडला तेव्हा चोवीस. पक्ष त्या वेळी ऐन भरात होता, त्यामुळे वारं फिरलं म्हणून सटकला असंही म्हणता येत नाही. दोन्ही तारखा लोकांच्या सोयीच्या नाहीत, म्हणूनच मला त्या महत्त्वाच्या वाटतात.

युद्ध संपल्यावर हाच माणूस हाडांचा सापळा होऊन पडद्यावर आला. १९४८ ची 'बर्लिनर बालाडे', बर्लिनची नाकेबंदी चालू असतानाची. मोडक्या शहरात परत आलेला एक सैनिक, नाव ऑटो नॉर्मालफरब्राउखर. रेशनकार्डावर ज्याला कसलीच खास सवलत नाही अशा ग्राहकाला सरकारी भाषेत 'नॉर्मालफरब्राउखर' म्हणत. ते आडनाव होऊन जर्मन भाषेत रुजलं. आजही तिथे 'सामान्य माणूस' म्हणायचं झालं तर लोक 'ऑटो नॉर्मालफरब्राउखर' म्हणतात. एखादी भूमिका शब्दकोशात जाते, हे भाग्य किती नटांना मिळतं? आणि त्यात गंमत अशी की देशाच्या सामान्य माणसाला ज्याचा चेहरा मिळाला, तो सोळाव्या वर्षी पक्षाचं कार्ड घेतलेला होता. मला तर ही निवड नकळत अगदी चोख झाली असं वाटतं.

पुढचं सगळ्यांना माहीत आहे. श्रॉटची भूमिका बघून बाँडपटवाल्यांनी त्याला उचललं. १९६४ मध्ये 'गोल्डफिंगर' आला आणि जगभर गाजला. मग एका इंग्रजी वर्तमानपत्राला दिलेल्या मुलाखतीत पक्षाचा विषय निघाला. छापून आलं ते असं की हो, मी नाझी होतो. त्याचं म्हणणं, मी सांगितलं ते वेगळंच: पक्षात असूनही दोन ज्यूंना मदत करता आली, हे माझं नशीब. तोवर व्हायचं ते होऊन गेलं होतं. इस्रायलने १९६५ च्या अखेरीस चित्रपटावर बंदी घातली.

त्या बंदीला मी नावं ठेवणार नाही. त्याच वर्षी मे महिन्यात पश्चिम जर्मनी आणि इस्रायल यांच्यात राजनैतिक संबंध सुरू झाले होते, आणि त्यावरूनही इस्रायलमध्ये लोक रस्त्यावर आले होते. ज्यूंच्या संहाराचा एक सूत्रधार आइकमन, त्याच्यावरच्या इस्रायलमधल्या खटल्याला चारच वर्षं झाली होती. आउश्वित्झच्या मृत्युछावणीत काम केलेल्यांवरचा फ्रँकफुर्टमधला खटला त्या ऑगस्टमध्ये संपला होता. तेल अवीवच्या थिएटरात शेजारच्या खुर्चीवर हातावर नंबर गोंदलेली बाई बसलेली असू शकते, अशा गावात 'कला वेगळी, कलावंत वेगळा' हे व्याख्यान देणं मला जमणार नाही.

मला अडतं ते बंदी उठली त्या पद्धतीपाशी. एक ज्यू माणूस व्हिएन्नातल्या इस्रायली वकिलातीत गेला. फ्रोबेने मला आणि माझ्या आईला लपवलं, त्यामुळे आम्ही वाचलो, असं त्याने सांगितलं. बंदी उठली. सगळ्यांना हायसं वाटलं, आणि आजही हा किस्सा गोड शेवट म्हणून सांगितला जातो. पण जरा उलटून बघा. तो माणूस १९६५ च्या आधी वारला असता तर? किंवा वकिलातीची पायरी चढायचा त्याला कंटाळा आला असता तर? फ्रोबेने केलेलं तेच राहिलं असतं आणि चित्रपट मात्र डब्यात. आणि समजा त्याने कोणालाच लपवलं नसतं, कोणाला पकडूनही दिलं नसतं, नुसता गप्प बसला असता, जसे तिथले बहुतेक लोक बसले, तर त्याचं काय करायचं? आपल्याला एक तर राक्षस लागतो, नाही तर तारणहार. ऑटो नॉर्मालफरब्राउखरसाठी आपल्याकडे खणच नाही.

या प्रकरणात एक बारीकसा तपशील आहे, तो मला सर्वांत बोलका वाटतो. 'गोल्डफिंगर'मध्ये ऐकू येणारा आवाज फ्रोबेचा नाही. त्याचं इंग्रजी यथातथाच होतं. संवाद पाठ करून तो बोलला, पण दिग्दर्शकाला ते चालेना. मूळ इंग्रजी चित्रपटात त्याच्या तोंडी आवाज आहे मायकेल कॉलिन्स या इंग्रज नटाचा. जर्मन आवृत्तीसाठी मात्र फ्रोबे स्वतः बोलला. म्हणजे मूळ चित्रपटात त्याचं उरलं काय, तर ओठांची हालचाल, ते पोट, ती चाल, आणि चेहरा. बंदी घातली गेली ती त्यावर.

आता २०१३ सालात या. हे प्रकरण मला जास्त राग आणतं. आपल्या पिढीचा जर्मन टीव्हीशी संबंध दूरदर्शनवरच्या 'टेलिमॅच'मध्ये पिंपात पडणाऱ्या माणसांना हसण्यापुरता, त्यामुळे 'डेरिक' म्हणजे काय ते सांगायला हवं. म्युनिकचा एक शांत, नेटका, डोळ्यांखाली पिशव्या आलेला पोलिस इन्स्पेक्टर. १९७४ ते १९९८, एकूण २८१ भाग, शंभरहून जास्त देशांत विक्री. ती भूमिका करणारा होर्स्ट टापर्ट त्याआधी वर्षानुवर्षं नाटकांत आणि गुन्हेगारी चित्रपटांत कामं करत आलेला. पन्नाशी गाठताना डेरिक मिळाला. २००८ मध्ये तो वारला. पाच वर्षांनी योर्ग बेकर नावाच्या समाजशास्त्रज्ञाला, दुसऱ्याच कोणाबद्दल शोध घेताना, टापर्टची नोंद सापडली: १९४३ मध्ये वाफेन-एसएसच्या, म्हणजे एसएस या नाझी संघटनेच्या लढाऊ दलाच्या, 'टोटेनकोफ' डिव्हिजनमध्ये साधा सैनिक, वय विसाच्या आसपास. हयातभर त्याने ही गोष्ट लोकांपासून लपवली होती. लपवाछपवी वाईटच, तिची बाजू मी घेत नाही. पण 'डेरिक'ची निर्मिती करणाऱ्या झेडडीएफ या सार्वजनिक वाहिनीने काय केलं? जाहीर करून टाकलं की यापुढे 'डेरिक'चं पुनःप्रक्षेपण नाही.

आणि 'डेरिक' लिहिलं कोणी? सगळेच्या सगळे २८१ भाग हर्बर्ट राइनेकरने. हा गृहस्थ हिटलरच्या युवक संघटनेच्या मासिकांत संपादक होता, पुढे एसएसचा युद्धवार्ताहर झाला. १९४४ साली पोरांना विमानांच्या आणि कर्तव्याच्या गोष्टी सांगणाऱ्या 'युंगे आडलर' या प्रचारपटाच्या लेखनात तो होता. यातलं काही गुलदस्त्यात नव्हतं. युद्धानंतर तो पश्चिम जर्मनीतला सर्वांत जास्त काम मिळणारा टीव्हीलेखक झाला तो हे सगळं माहीत असताना. वाहिनीने त्याच्याकडून पंचवीस वर्षं गुन्हा, अपराध आणि पश्चात्ताप यांवर प्रवचनं लिहून घेतली. हो, प्रवचनंच, 'डेरिक'चे चार भाग पाहिले की कळतं, त्यात गोळीबार कमी आणि 'माणूस असा का वागतो' हे जास्त. त्याच्या नावामुळे एकही भाग थांबला नाही. थांबला तो पडद्यावर दिसणाऱ्या माणसामुळे.

म्हणजे शब्द ज्याचे, विचार ज्याचा, तो चालतो. ज्याने ते शब्द तोंडाने म्हटले तो चालत नाही. याला कोणी नैतिक भूमिका म्हणत असेल तर म्हणो. मला यात नुसती घाई दिसते: डोळ्यांसमोरचं हलवलं की घर साफ. वाहिनीने मालिका विकून जगभरातून वर्षानुवर्षं पैसे मिळवले. तो पैसा कोणी परत केला नाही. मेलेल्या नटाला उत्तर देता येत नाही, त्याच्या चेहऱ्याचा बाजारभाव तसाही उतरलेला असतो. त्याला काढून टाकण्याइतकी स्वस्त शिक्षा दुसरी नाही.

कोणी म्हणेल, वाफेन-एसएस म्हणजे काही रेशनचं कार्ड नाही. बरोबर आहे. फ्रोबेचं पक्ष-सदस्यत्व आणि टापर्टची डिव्हिजन एका तागडीत घालता येत नाहीत. टोटेनकोफ डिव्हिजनचा इतिहास रक्ताने माखलेला आहे. पण जर्मन लेखक गुंटर ग्रासनेही २००६ मध्ये कबूल केलं की सतराव्या वर्षी तो वाफेन-एसएसमध्ये होता. साठ वर्षं तोही गप्प होता, आणि गप्प राहून इतरांना जाब विचारत होता. लोक चिडले, भांडले, वर्तमानपत्रांची पानंच्या पानं भरली. पुस्तकं मात्र दुकानांतच राहिली, राहायलाच हवी होती. लेखकाशी आपण भांडतो, नटाला झाकून टाकतो.

आणि ज्यांचं कामच गुन्हा होतं, त्यांचं काय झालं? वेर्नर क्राउस. १९४० च्या 'युड झ्यूस' या विखारी चित्रपटात एकट्याने अनेक ज्यू पात्रं रंगवली, प्रत्येक आधीच्यापेक्षा किळसवाणं. लोकांच्या मनात ज्यूंबद्दल घृणा भरायला सरकारने बनवलेला चित्रपट, आणि हा माणूस आपली सगळी कला पणाला लावून त्यात उतरलेला. युद्धानंतर काही काळ त्याला काम बंद. १९५४ साली मात्र त्याला जर्मन भाषेतल्या रंगभूमीचा सर्वोच्च मान, इफलांडची अंगठी, मिळाली, आणि त्याच वर्षी पश्चिम जर्मनीचा राष्ट्रीय सन्मानही. फ्रोबेच्या किंवा टापर्टच्या बाबतीत पडद्यावरच्या कामात विष नव्हतं, ते आयुष्याच्या मागच्या पानात होतं. क्राउसचं विष पडद्यावरच होतं, सगळ्यांच्या डोळ्यांदेखत. आधी काम तपासा, असा साधा नियम लावला असता तर ही अंगठी कोणाच्या बोटात गेली नसती.

आणखी एक विसंगती सांगतो. 'युड झ्यूस' आज जर्मनीत दाखवता येतो. वीसबाडेनच्या मुर्नाऊ प्रतिष्ठानकडे अशा काही डझन नाझी प्रचारपटांचे हक्क आहेत. ते खुल्या बाजारात सोडत नाहीत, पण आधी जाणकाराचं प्रास्ताविक आणि नंतर चर्चा या अटीवर त्यांचे खेळ होतात. ही पद्धत मला फार शहाणपणाची वाटते. खुर्चीवर बसवून सांगा, काय बघणार आहात, कोणी केलं, कशासाठी केलं. मग बघा, मग बोला. सर्वांत विषारी चित्रपटाला जी वागणूक मिळते, तेवढी एका म्हाताऱ्या इन्स्पेक्टरच्या मालिकेला का मिळू नये?

झाकून टाकण्याला माझा खरा विरोध मात्र वेगळ्याच कारणासाठी आहे. झाकलं की फक्त दोषी झाकला जात नाही, त्याच्या शेजारची रिकामी खुर्चीही दिसेनाशी होते. कुर्ट गेरॉन हे नाव किती जणांना ठाऊक आहे? 'डेर ब्लाउए एंगेल' या चित्रपटातला तो जाडजूड जादूगार किपर्ट. 'डी ड्रायग्रोशनओपर' या संगीत नाटकाच्या १९२८ च्या पहिल्या प्रयोगात मॅकी मेसरचं गाणं गाणारा. शरीराने, आवाकाने तो अगदी फ्रोबेच्या जातकुळीतला: अवाढव्य, विनोदी, आणि वेळ आली की भीतिदायक. जर्मनीतून पळाला, हॉलंडमध्ये सापडला, टेरेझिनच्या छावणीत नेला गेला. तिथे छावणी किती छान आहे हे दाखवणारा प्रचारपट त्याच्याकडून बळजबरीने करून घेतला आणि ऑक्टोबर १९४४ मध्ये त्याला आउश्वित्झला पाठवून मारलं. ऑटो वालबुर्ग, तोही लठ्ठ, तोंडातल्या तोंडात भराभर बोलणारा लाडका विनोदी नट, तोही त्याच वर्षी आउश्वित्झमध्ये. जर्मनी सोडून गेलेला नट पीटर लोरे जिवंत राहिला, १९५१ मध्ये जर्मनीत परतून 'डेर फरलोरेने' हा चित्रपट स्वतः दिग्दर्शित केला, लोकांनी पाठ फिरवली, तो अमेरिकेला निघून गेला. युद्धानंतरच्या जर्मन चित्रपटातले जाडे, विनोदी, भेसूर चरित्र अभिनेते कोण, हे ठरलं ते या रिकाम्या खुर्च्यांच्या हिशेबात. फ्रोबेने ती खुर्ची कोणाकडून हिसकावली नाही. पण तो पडद्यावर दिसला की मला आता गेरॉन आठवतो, आणि तो दिसायचाच बंद झाला तर ही आठवण निघणार कुठून?

र्‍यूमानचंही सांगायला हवं, कारण सुरुवात त्या चित्रपटापासून केली. खुन्याचा माग काढणारा तो सज्जन अधिकारी नाझी काळातला सर्वांत लाडका विनोदी नायक होता. पक्षात गेला नाही. पहिली बायको ज्यू. १९३८ मध्ये घटस्फोट झाला, ती स्वीडनला जाऊन वाचली. त्याचा १९४४ चा 'डी फॉयरत्सांगनबोवले' आजही जर्मनीत नाताळच्या सुमारास लोक हौसेने, सोबत गरम वाइन घेऊन पाहतात. त्यात एका मास्तराच्या भूमिकेत एरिश पोंटो आहे, फ्रोबेला घडवणारा. लोकांनी तो चित्रपट बघू नये असं मी म्हणत नाही. मी फक्त हे पाहतो की नायकाचं चरित्र चरित्रग्रंथात जातं, तिथे त्याला बारकावे मिळतात, 'पण' आणि 'तरीही' मिळतात. चरित्र अभिनेत्याला एक ओळ मिळते: नाझी होता, किंवा ज्यूंना वाचवलं.

फ्रोबे नंतरही थांबला नाही. १९६६ मध्ये पॅरिस शत्रूच्या हवाली करून शरण जाणारा जर्मन जनरल फॉन कोल्टिट्झ झाला, बेर्गमनकडे काम केलं, व्हिस्कोंतीकडे केलं. १९७४ मध्ये तो दरोडेखोर होत्सेनप्लोत्स झाला, जर्मन मुलांच्या लाडक्या गोष्टीतला, मोठ्या नाकाचा, सात सुऱ्यांचा. जंगलात बाहुली नाचवणाऱ्या श्रॉटला सोळा वर्षं झाली होती. तोच चेहरा बघून आता पोरं खिदळत होती.

'बर्लिनर बालाडे'ची गोष्ट २०४८ सालातून मागे वळून सांगितली आहे. शंभर वर्षांनी कोणीतरी बघेल, या भरवशावर. ते साल आता काही फार लांब नाही. तेव्हाच्या प्रेक्षकाला हे सगळे चित्रपट मिळावेत, कापाकापी न करता, आणि सुरुवातीला पांढऱ्या अक्षरांत चार ओळींची पाटी असावी. 'गोल्डफिंगर'साठी मी अशी लिहीन: गर्ट फ्रोबे, जन्म १९१३. सोळाव्या वर्षी नाझी पक्षात, चोवीसाव्या वर्षी बाहेर. एका ज्यू आईला आणि तिच्या मुलाला लपवलं. या चित्रपटातला आवाज मायकेल कॉलिन्स यांचा.